इंदूर: घड्याळ बघून खायचं शहर

इंदूरला कुठे काय खावं याच्या याद्या पैशाला पासरी मिळतात. कधी खावं हे मात्र त्यात नसतं, आणि सगळा घोटाळा तिथेच होतो. पोह्यांची खरी वेळ सकाळी सात ते दहा. सराफ्यात, म्हणजे रात्री खाऊगल्ली होणाऱ्या सराफ बाजारात, रात्री आठच्या आत पोहोचलात तर फक्त सोन्याचांदीची दुकानं दिसतील. गराडू हा कंद थंडीतच मिळतो. शिकंजी जेवणावर घेतली तर पुढचे काही तास पोटात दुसरं काही जात नाही. म्हणून या सहलीचं वेळापत्रक आधी पदार्थांच्या वेळेनुसार बसवलं आणि मग तिकिटं काढली: शुक्रवारी संध्याकाळी छप्पन दुकान, शनिवारी सकाळी राजवाड्याचा परिसर, शनिवारी रात्री सराफा, रविवारी सकाळी नमकीनची खरेदी. महिना जानेवारी.

मुंबईहून अवंतिका एक्स्प्रेस रात्रभराच्या प्रवासाने सकाळी इंदूरला सोडते. पुण्याहून रेल्वे आहे, रात्रीच्या बसही आहेत. मुक्काम राजवाड्यापासून चालत जाता येईल असा घ्यावा, कारण सराफ्यातून बाहेर पडायला रात्रीचा एक वाजतो.

शनिवारच्या दोन्ही फेऱ्या स्थानिक गाईडबरोबर, पायी. इंदुरात हे स्वतःहूनही करता येतं, पण चांगल्या गाईडचे पैसे दोन ठिकाणी वसूल होतात. एक म्हणजे, कोणत्या गाडीवरचा घाणा आत्ता ताजा निघतोय हे त्याला माहीत असतं. दुसरं म्हणजे, तो प्रत्येक पदार्थ थोडा थोडा मागवून सगळ्यांत वाटतो. सहा ते आठ जणांचा गट यासाठी उत्तम. त्याहून मोठा गट गाडीभोवती मावत नाही आणि मागच्यांना कढईत काय चाललंय ते दिसत नाही. बुकिंग करताना दोन गोष्टी विचाराव्यात: खाण्याचे पैसे धरून भाव आहे की वेगळे, आणि रात्रीची फेरी किती वाजता सुरू होते. साडेसात-आठची वेळ सांगितली तर निम्म्या गाड्या लागायच्या आतच फेरी संपणार, हे ओळखावं.

शुक्रवार संध्याकाळ: छप्पन दुकान

न्यू पलासिया भागातली ही छप्पन दुकानांची रांग. २०२० मध्ये तिचं नूतनीकरण झालं. आता समोरचा रस्ता पायी चालणाऱ्यांसाठी मोकळा आहे, बसायला बाक आहेत, आणि अन्नसुरक्षा प्राधिकरणाचं ‘क्लीन स्ट्रीट फूड हब’ हे मानांकनही या जागेला मिळालेलं आहे. सराफ्याची दाटी इथे नाही. लहान मुलं, वयस्कर माणसं किंवा गर्दीचा त्रास असणारं कुणी बरोबर असेल तर इंदूरची सुरुवात इथूनच करावी.

पहिला मान विजय चाट हाउसच्या खोपरा पॅटिसला. बाहेर बटाट्याचं आवरण, आत खोबऱ्याचं सारण. सारणात ओलं खोबरं, हिरवी मिरची, आलं, कोथिंबीर आणि सुकामेवा. चव किंचित गोडाकडे झुकणारी, मागून मिरचीचा ठसका. हा प्रकार घरी करताना पॅटिस तेलात फुटतो, याचं कारण बहुतेक वेळा बटाट्यात असतं. बटाटा गरम असतानाच कुस्करला की तो चिकट होतो आणि त्यात पाणी राहतं. बटाटे उकडून पूर्ण गार करावेत, शक्य तर काही तास फ्रिजमध्ये ठेवावेत, मग किसावेत. अर्धा किलो बटाट्याला तीन-चार मोठे चमचे आरारूट किंवा कॉर्नफ्लोअर पुरतं. सारण कोरडं हवं. तळताना तेल चांगलं तापलेलं हवं, आणि सुरुवातीचं मिनिटभर झारा लावायचा नाही. मंद तेलात पॅटिस आधी तेल पितो, मग फुटतो. दुकानात भट्टीवरची कढई सतत तापलेली असते, त्यामुळे तिथे हा प्रश्नच येत नाही.

जॉनी हॉट डॉग हे १९७८ पासूनचं दुकान. नावावर जाऊ नका, इथे सॉसेज नसतं. व्हेज हॉट डॉग म्हणजे पावात बटाट्याची टिक्की, आणि ‘बेंजो’ म्हणजे पावात ऑम्लेट. मटणाचाही प्रकार मिळतो. सगळी गंमत तव्यावर आहे: पाव साजूक तुपात दोन्ही बाजूंनी शेकला जातो आणि कडा कुरकुरीत होईपर्यंत दाबला जातो. घेतल्या घेतल्या उभ्यानेच खावा. बांधून नेला तर पाच मिनिटांत पाव मऊ पडतो आणि तुपाचा सगळा फायदा जातो.

मग शिकंजी. लिंबू सरबताची अपेक्षा ठेवून पेला हातात घेतला तर दचकायला होतं, कारण इंदूरची शिकंजी दुधाची असते. आटवलेलं दूध, त्यात घट्ट मठ्ठा, केशर, वेलची, जायफळ, सुकामेवा. श्रीखंड आणि बासुंदी यांच्या मधली चव म्हटली तर मराठी माणसाला लगेच कळेल. छप्पनवर मधुरमची प्रसिद्ध आहे, सराफ्यात नागोरींची. दूध आणि दही एकत्र येऊनही ती फाटत नाही, कारण दूध आटवून पूर्ण गार केल्यावरच मठ्ठा मिसळतात. गरम दुधात मिसळला की दाणे धरतात. एक पेला दोघांत पुरतो, आणि तो संध्याकाळी सहाच्या सुमारास घ्यावा. इथली बरीच दुकानं सकाळपासून उघडी असतात, त्यामुळे छप्पनला वेळेचं बंधन कमी. शनिवार-रविवारी संध्याकाळी सातनंतर मात्र बसायला बाक मिळत नाही.

शनिवार सकाळ: पोहे, जिरावण आणि जुना बाजार

सकाळी सात, राजवाड्यासमोर. हवेत चांगलाच गारठा होता, आणि पोह्यांच्या गाड्यांभोवतीची वाफ लांबूनच दिसत होती.

राजवाडा सात मजल्यांचा. खालचे तीन दगडी, वरचे लाकडी. १८१८ च्या मंदसौरच्या तहानंतर होळकरांची राजधानी इंदूरला आली आणि सरदार, कारकून, सराफ, कारागीर अशी पुष्कळ मराठी घरं इथे स्थिरावली. १९८४ च्या आगीत वाड्याचं फार नुकसान झालं; आता दिसतो तो बराचसा भाग नंतर दुरुस्त केलेला. आजही या चौकात पोहे खाताना आजूबाजूला मराठी कानावर पडतं, जरा वेगळ्या हेलाची. शेजारी उभ्या असलेल्या एका आजोबांनी पुण्याचे पोहे आणि इंदूरचे पोहे यांतला फरक दोन वाक्यांत सांगितला: तुमच्याकडे पोहे परततात, आमच्याकडे वाफवतात; तुमचा कांदा कढईत जातो, आमचा वरून पडतो.

खरोखर सगळा फरक एवढाच आहे, आणि तो फार मोठा आहे. गाडीवर खाली उकळत्या पाण्याचं मोठं पातेलं असतं. त्यावर परात आणि परातीत पोह्यांचा पिवळा डोंगर. आच पोह्यांना थेट लागत नाही, फक्त वाफ लागते. त्यामुळे तेच पोहे तीन-चार तास गरम राहूनही कोरडे पडत नाहीत. कांदेपोहे कढईत ठेवले तर अर्ध्या तासात तळ कडक होतो आणि वरचे पोहे चामट होतात. पोहेवाला डोंगराच्या एका कडेने पोहे काढतो, कधी मधोमध खणत नाही. खालचे पोहे दाबले गेले तर गोळा होतो, म्हणून.

घरी करायचे तर हे प्रमाण धरा. जाड पोहे अर्धा किलो. पातळ पोहे वाफेवर लगदा होतात, ते अजिबात घेऊ नयेत. चाळणीत घालून वाहत्या पाण्याखाली धुवावेत, भिजत ठेवू नयेत. दहा मिनिटं निथळू द्यावेत. दाणा बोटांत दाबल्यावर मोडला पाहिजे, पण चिकटता कामा नये. मग त्यावर एक छोटा चमचा हळद, तीन छोटे चमचे साखर आणि चवीपुरतं मीठ घालून हलक्या हाताने मिसळावं. चार मोठे चमचे तेलात मोहरी, हिंग, दोन छोटे चमचे बडीशेप, एक चमचा अर्धवट कुटलेले धणे आणि पाच-सहा चिरलेल्या हिरव्या मिरच्यांची फोडणी करून पोह्यांवर ओतावी. बडीशेप गाळू नका, इंदुरी चव ओळखू येते ती तिच्यामुळेच. मग मोदकपात्रात किंवा चाळणीत दहा मिनिटं वाफ. झाकणाला फडकं बांधावं, नाहीतर झाकणावरचं पाणी ठिबकून मधले पोहे भिजतात. वाढताना वरून बारीक चिरलेला कच्चा कांदा, कोथिंबीर, शेव, थोडी खारी बुंदी, डाळिंबाचे दाणे, लिंबू आणि शेवटी जिरावण.

जिरावण हा या शहराचा मसाला. धणे, जिरं, बडीशेप, लाल मिरची, लवंग, दालचिनी, तमालपत्र, जायपत्री, हिंग, सुंठ, आमचूर आणि काळं मीठ. प्रत्येक दुकानाचं प्रमाण निराळं, पण आंबट-खारट-तिखट हा क्रम सगळीकडे तोच. हा मसाला कधीही फोडणीत घालू नये. आमचूर आणि सुंठ आधीच भाजलेल्या मसाल्यात बारीक दळलेली असतात, ती गरम तेलात लगेच करपून कडवट होतात. गाडीवर छिद्राच्या डब्यातून तो भुरभुरतात, आणि जिभेवर पहिल्यांदा तोच लागतो.

पोह्यांबरोबर जलेबी, हे सांगायलाच नको. एक घास पोह्यांचा, एक तुकडा जलेबीचा, हा इथला रिवाज आहे. दोन्ही गरमच असले तरच तो जमतो, म्हणून ज्या गाडीशेजारी जलेबीची कढई चालू आहे तिथेच उभं राहावं. मैद्याचं पीठ आदल्या रात्री आंबवलेलं असतं. थंडीत ते नीट फुगत नाही, म्हणून कोमट पाण्यात भिजवून झाकून ठेवतात. पाक एकतारी आणि कोमट हवा. गार पाकात जलेबी रस पीत नाही, उकळत्या पाकात मऊ पडते. गुलाबी-केशरी भडक रंगाच्या जलेबीपेक्षा फिकट पिवळी निवडावी.

तिखट खाणाऱ्यांसाठी उसळ-पोहे. त्याच वाफेवरच्या पोह्यांवर झणझणीत उसळीचा रस्सा ओततात. मिसळीचा जवळचा नातेवाईक. रस्सा आधी वेगळा चाखून बघावा आणि मगच किती ओतायचा ते सांगावं. जुन्या राजवाडा परिसरात प्रशांत उपाहारगृहासारखी पोह्यांसाठी नावाजलेली ठिकाणंही आहेत. बसून खायचं असेल तर तिथे जावं. गाडीवर पोह्यांची प्लेट वीस-तीस रुपयांच्या आसपास पडते, त्यामुळे दोन ठिकाणचे पोहे चाखून तुलना करणं सहज परवडतं.

पोट भरल्यावर चालायला सुरुवात. राजवाड्यामागचा बर्तन बाजार, पुस्तकांचा खजुरी बाजार, मसाल्यांचा मारोठिया बाजार. इतवारिया बाजारातलं काच मंदिर वाटेत बघून घ्यावं: भिंती, खांब, छत, सगळीकडे काचेचं काम. सेठ हुकुमचंदांनी बांधलेलं हे जैन मंदिर. आत फोटो काढायचा आग्रह धरू नये. कृष्णपुऱ्याच्या होळकरांच्या छत्र्या, म्हणजे स्मारकं, नदीकाठी आहेत, सकाळच्या उन्हात त्यांवरचं दगडी कोरीवकाम सगळ्यात स्पष्ट दिसतं.

मारोठियात जिरावण सुटं मिळतं. घेताना वास घ्यावा. काळ्या मिठाचा वास बाकी सगळं झाकून टाकत असेल तर पुडी परत द्यावी. दोनशे ग्रॅमपेक्षा जास्त घेऊ नये, कारण आमचूर ओल धरतो आणि दोन-तीन महिन्यांत मसाल्याच्या गुठळ्या होतात.

दुपारी दाल-बाफले. हा बसून खायचा पदार्थ, रस्त्यावरचा नाही, म्हणून थोडक्यात. बाटी नुसती भाजतात, बाफला आधी उकडतात आणि मग भाजतात. जाडसर कणकेत मोहन, ओवा, मीठ आणि हळद घालून घट्ट मळलेल्या पिठाचे गोळे उकळत्या पाण्यात पंधरा मिनिटं शिजले की वर तरंगतात. ते काढून अर्धा तास तरी कोरडे होऊ द्यायचे. ओले बाफले भाजले तर बाहेरून लाल होतात आणि आत पीठ कच्चं राहतं. मग गोवऱ्यांवर किंवा ओव्हनमध्ये भाजून, फोडून तुपात बुडवतात. ज्या दिवशी रात्री सराफा आहे त्या दिवशी दोनच बाफले खावेत आणि दुपारी साडेबाराच्या आत आटपावं. मग सरळ झोप.

शनिवार रात्र: सराफा

राजवाड्याच्या मागे चालत पाच मिनिटं. आठ-साडेआठला दागिन्यांच्या दुकानांची शटरं खाली येतात, आणि त्याच ओट्यांवर आणि त्यांच्यासमोर गाड्या लागू लागतात. सराफांनीच पूर्वी खाद्यपदार्थवाल्यांना रात्री बसायला उत्तेजन दिलं, म्हणजे माणसांची वर्दळ राहील आणि दुकानं सुरक्षित राहतील, असं इथले लोक सांगतात. साडेनऊपर्यंत गल्ली भरते. साडेदहा ते बारा सगळ्यात दाट गर्दी. दोनच्या सुमारास आवराआवर होते आणि मागोमाग झाडूवाले येतात. इंदूर २०१७ पासून देशातलं सगळ्यात स्वच्छ शहर ठरत आलंय, आणि ते इथे पायाखाली दिसतं: प्रत्येक गाडीशेजारी कचऱ्याचा डबा, आणि द्रोण रस्त्यावर टाकला तर गाडीवालाच टोकतो.

सराफा पूर्ण शाकाहारी आहे. गाईडने सव्वानऊला सुरुवात केली आणि क्रम ठरवून दिला: आधी दही, मग तळलेलं आणि भाजलेलं, मग पाणी पताशे (आपली पाणीपुरी), शेवटी गोड. पाणी पताशे आधी खाल्ले तर पाण्यानेच पोट भरतं. रबडी आधी घेतली तर पुढच्या तिखटाची चव लागत नाही. हा क्रम कुठल्याही गटाने तसाच ठेवावा.

जोशी दहीबडा हाउससमोर आधीच माणसांचा घेर होता. बडा द्रोणात ठेवून त्यावर घट्ट दही ओततात, आणि मग दुकानदार तो द्रोण हवेत उंच उडवून झेलतो. थेंब सांडत नाही. लोक मोबाइल काढून हेच टिपतात, पण पुढचं अधिक बघण्यासारखं आहे. तिखट, जिरेपूड, मीठ असे वेगवेगळे मसाले तो एकाच चिमटीत उचलतो आणि बोटांच्या हालचालीने एक एक करून वेगवेगळा सोडतो. दह्यावर रंगांचे पट्टे स्पष्ट दिसतात, एकमेकांत मिसळत नाहीत. बड्यासाठी उडदाची डाळ चार-पाच तास भिजवून कमीत कमी पाण्यात वाटतात आणि हाताने फेसतात. वाटीभर पाण्यात थेंब टाकून बघावा, तरंगला तर पीठ तयार. तळल्यावर कोमट पाण्यात पंधरा-वीस मिनिटं भिजवून हलकेच दाबायचे. दही पातळ असेल तर द्रोण उडवणं सोडाच, बडाच विरघळतो. मलईचं दही फडक्यात बांधून निथळलेलं आणि किंचित साखर घातलेलं हवं.

पुढची गाडी भुट्टे का कीस. माळव्याचा हा पदार्थ महाराष्ट्रात फार थोड्या घरांत होतो, आणि तो व्हायला हवा. कणसं किसणीवर किसून, तुपात परतून, दुधात शिजवायची. सहा कोवळ्या कणसांचा अडीच वाट्यांच्या आसपास कीस पडतो. तीन मोठे चमचे तूप, मोहरी, जिरं, हिंग, वाटलेलं आलं-मिरची, हळद. कीस घालून मध्यम आचेवर दहा मिनिटं परतायचा, कच्चा वास पूर्ण गेला पाहिजे. मग वाटीभर दूध तीन वेळा थोडं थोडं घालायचं, आधीचं आटल्यावर पुढचं. एकूण पंचवीस मिनिटं लागतात, आणि पूर्ण वेळ उलथनं हलतं ठेवावं लागतं, कारण कणसाचा रस पिठूळ असतो आणि तळाला धरतो. चार ठिकाणी हा पदार्थ बिघडतो. कणीस जून असेल तर कीस रवाळ राहतो आणि कितीही दूध घातलं तरी मऊ होत नाही. स्वीट कॉर्न घेतलं तर पाणी सुटतं आणि सगळं मिट्ट गोड लागतं. आलं कच्चं राहिलं तर दूध नासतं, म्हणून ते फोडणीतच नीट परतायचं. लिंबू गॅस बंद करून, खाली उतरवल्यावरच. वरून खोबरं, कोथिंबीर आणि जिरावण. गाडीवर वर्षभर मिळतं, पण पावसाळ्यात कोवळी कणसं येतात तेव्हाची चव वेगळीच, असं कीस विकणाऱ्या काकूंनीच सांगितलं. त्या मोठ्या पितळी परातीच्या कडेवर कीस पसरून ठेवतात आणि मागणीप्रमाणे तुपाचा हात मारून गरम करतात. परातीच्या तळाची लालसर खरपूस थर असलेली बाजू मागून घ्यावी.

आणि गराडू. ज्यासाठी जानेवारी निवडला तो हाच. आपल्याकडच्या कोनफळाच्या जातीचा हा कंद, आतून पांढरा. गाडीवर त्याचे चौकोनी तुकडे अर्धे तळून रचून ठेवलेले असतात. मागितले की कडकडीत तेलात पुन्हा सोडतात, कडा तांबूस झाल्या की काढून द्रोणात, वर गराडूचा मसाला आणि भरपूर लिंबू. बाहेर कुरकुरीत, आत मऊ आणि जरासा चिकट. तळणी दोनदा का? एकदाच मोठ्या आचेवर तळला तर बाहेरून काळा होतो आणि आत टणक राहतो. एकदाच मंद आचेवर तळला तर शिजतो, पण कुरकुरीत होत नाही. गार झाल्यावर वातड होतो, म्हणून तळल्यापासून पाच मिनिटांत संपवायचा. तळून मसाला लावलेला ढीग दिसला तर पुढे जावं, समोर तळून देणाऱ्याकडेच थांबावं. फेब्रुवारीनंतर चांगला गराडू मिळणं कठीण.

साबुदाणा खिचडी इथे बघायची ती करण्याच्या पद्धतीसाठी. सांवरिया सेठ हे नाव सराफ्यात प्रसिद्ध आहे. आपण तुपात जिरं घालून साबुदाणा परततो. इथे भिजवलेला साबुदाणा पोह्यांसारखाच वाफेवर ठेवतात. मागणी आली की एका भांड्यात काढून त्यात दाणे, बटाट्याच्या तळलेल्या काड्या, मिरची, कोथिंबीर, मसाला आणि लिंबू घालून तिथल्या तिथे कालवतात. त्यामुळे साबुदाणा मऊ आणि काड्या कुरकुरीत, दोन्ही एकाच घासात. उपास असेल तर मसाल्यात काय आहे ते विचारून घ्यावं आणि नुसतं सैंधव मागावं. तुपातल्या खिचडीची सवय असलेल्यांना पहिला घास फिका वाटेल, तिसऱ्या घासाला रुळते.

पाणी पताशेवाल्यांकडे एका रांगेत वेगवेगळ्या पाण्याचे घडे: पुदिना, हिंग, लसूण, जिरं, चिंच. हिंगाचं पाणी सगळ्यात शेवटी घ्यावं, तळलेल्यावर ते बरं.

इथवर अकरा वाजले होते आणि गल्लीत खांद्याला खांदा लागत होता. गोडासाठी गल्लीच्या कडेला सरकावं. जलेबा म्हणजे जाडजूड जलेबी, एक नग पाव किलोच्याही वर. जाड असल्याने तो मंद आचेवर बराच वेळ तळावा लागतो, घाई केली की मधला वेढा पिठाळ राहतो. चार जणांत एक पुरतो, वर रबडी घालून. मावा बाटी हा गुलाबजामचा मोठा भाऊ: माव्याचा गोळा, आत सुकामेव्याचं सारण, तुपात तळून पाकात. अर्धी कापून मागावी म्हणजे सारण आतपर्यंत आहे की नाही ते कळतं. थंडीत मुगाचा आणि गाजराचा हलवाही मोठ्या कढयांत असतो. सगळं खाणं शक्य नाही. जलेबा किंवा मावा बाटी यांतलं एक निवडावं आणि दुसरं पुढच्या वेळेसाठी ठेवावं.

गेल्या काही वर्षांत सराफ्यात मोमो, नूडल्स, चीजमध्ये बुडवलेल्या पदार्थांच्या गाड्याही शिरल्या, आणि तरुण मुलांची गर्दी तिथे जास्त दिसू लागली. ते सगळं कुठल्याही शहरात मिळतं. कीस आणि गराडू विकणाऱ्यांची जागा त्यामुळे आकसली तर नुकसान फार मोठं आहे. तिथे उभं राहून ज्यांच्याकडे पारंपरिक पदार्थ आहे त्यांच्याकडेच पैसे खर्च करणं, एवढं तरी पाहुण्यांच्या हातात आहे.

काही व्यवहाराच्या गोष्टी. बहुतेक गाड्यांवर यूपीआय चालतं, पण गर्दीत नेटवर्क अडकतं, म्हणून दहा-वीस-पन्नासच्या नोटा खिशात असाव्यात. पिण्याचं पाणी आपलं. पायात बंद बूट. जमीन तेलकट असते. पाठीवरची पिशवी पुढे घ्यावी. लहान मुलं असतील तर सव्वानऊ ते साडेदहा एवढाच वेळ ठेवावा. रात्री थंडी चांगली वाजते, पण कढयांच्या रांगेत घाम येतो, त्यामुळे काढता येईल असा स्वेटर घालावा.

रविवार सकाळ: शेव घेऊन परत

सकाळी पुन्हा पोहे, यावेळी कमी. मग नमकीनची दुकानं. इंदुरात शेवेचे प्रकार इतके की आधी ठरवून गेलेलं बरं: लवंगेची शेव, लसणाची, पोह्यांवर घालायची बारीक फिकी शेव, आणि शेजारच्या रतलामची शेव, जिला भौगोलिक मानांकन आहे. चाखायला देतात, संकोच करू नये. शेव बोटांनी मोडून बघावी: कट्कन मोडली पाहिजे आणि बोटाला तेल कमी लागलं पाहिजे. आदल्या दिवशीची शेव दुसऱ्या दिवशीही चांगली असते, पण जुन्या तेलाचा वास एकदा लागला की तो जात नाही. घरी पोहोचल्यावर डब्यात भरावी.

कच्चा गराडू मंडईत मिळतो आणि प्रवासात चार-पाच दिवस सहज टिकतो, फक्त प्लॅस्टिकमध्ये गुंडाळायचा नाही, वर्तमानपत्रात गुंडाळायचा. सोलताना हाताला तेल लावावं, नाहीतर खाज सुटते. इंचभराचे तुकडे मिठाच्या पाण्यात सात-आठ मिनिटं उकळावेत, सुरी आत जाईल पण तुकडा मोडणार नाही इतपत. निथळून फडक्यावर पूर्ण कोरडे करावेत, मग मध्यम तेलात एकदा, गार झाल्यावर कडकडीत तेलात दुसऱ्यांदा तळावेत. गराडू मिळाला नाही तर हिवाळ्यात आपल्या बाजारात येणारं कोनफळ याच पद्धतीने चालतं. रंग जांभळा दिसेल. मसाला मात्र मारोठियातलाच घ्यावा, आणि लिंबू शेवटी, ताटात वाढल्यावर.